‘व्हेन हॅरी मेट सॅली’: मत बदललं, कबूल मात्र कुणी केलं नाही

1989चा हा इंग्रजी चित्रपट 96 मिनिटांचा. तेवढ्यात दिग्दर्शक रॉब रायनर बारा वर्षं उलटवतो. 1977 साली शिकागोहून न्यूयॉर्कला निघालेल्या गाडीत हॅरी ठासून सांगतो, बाई-पुरुषांत निव्वळ मैत्री होऊच शकत नाही. सॅलीला ते अजिबात पटत नाही. पाच वर्षांनी प्रवासात पुन्हा गाठ पडते, तेव्हा हॅरी आपल्याच नियमाला पुरवणी जोडतो: दोघांचंही दुसरीकडे जमलेलं असेल तर चालतं. आणि बोलता बोलता ती पुरवणी स्वतःच खोडून टाकतो.

सॅली जास्त बारीक लिहिलीय. गाडीत तिचं म्हणणं, ‘कॅसाब्लांका’ या जुन्या सिनेमातल्या नायिकेनं बारवाल्यापायी त्या शहरात राहणं हा वेडेपणाच. पुढं दोघं आपापल्या घरी, फोन कानाला लावून तोच सिनेमा बघतात. हॅरी आठवण देतो. ती साफ नाकारते, मी असं म्हणालेच नव्हते! नोरा एफ्रनच्या पटकथेतली ही सगळ्यात पक्की जागा.

मधूनमधून सोफ्यावर म्हातारी जोडपी आपलं लग्न कसं जमलं ते सांगतात. लातूर-बीडकडच्या माणसाला त्यातलं चिनी जोडपं लगेच ओळखीचं वाटेल. मध्यस्थानं शेजारच्या गावची पोरगी सुचवलेली, लग्नाआधी भेटायची सोय नाही. पठ्ठ्या झाडाआड लपून, कपडे धुणारी ती बघून आला आणि मगच सोयरिकीला होकार दिला. संसार 55 वर्षांचा! त्यांच्या शेजारी हॅरी-सॅलीचा बारा वर्षांचा घोळ ठेवून चित्रपट कुणालाच शहाणं ठरवत नाही, हे बरं.

शेवट मात्र घाईचा आहे. रायनरनं आधी दोघांची ताटातूट ठरवली होती. चित्रपट करताना तो स्वतःच प्रेमात पडला आणि शेवट बदलला. मैत्री टिकते का, हा सॅलीचा मुद्दा त्यात हवेतच राहतो. तरी 31 डिसेंबरच्या रात्री हॅरी जी यादी वाचतो ती ऐकण्यासारखी: साधं सँडविच मागवायला सॅलीला लागणारा दीड तासही आता त्याला आवडतो.

संवाद भरभर आणि एकमेकांवर चढणारे, म्हणून सबटायटल चालूच ठेवा. घरात वडीलधारी असतील तर ‘कॅट्झ डेली’ या हॉटेलातल्या प्रसंगाची आधी कल्पना द्या. तिथं भर गर्दीत सॅली काय करून दाखवते ते त्यांच्यासमोर अवघड होईल. पण तो प्रसंग पळवू नका, शेजारच्या टेबलावरच्या बाईचं वाक्य हुकेल. ती बाई म्हणजे रायनरची आई.