कल्पित जगाची कालगणना: सूर्य, चंद्र की दोन्ही?

कादंबरीसाठी किंवा खेळासाठी नवं जग रचताना बरेच जण आधी महिन्यांना सुंदर नावं देतात आणि कालगणना झाली असं समजतात. माझं आग्रहाचं सांगणं आहे की नावं शेवटी ठेवा. तिथली माणसं दिवस मोजताना सूर्याकडे बघतात, चंद्राकडे की दोघांकडे, हे आधी ठरवा. सणवार, शेतसारा, रात्रीचा प्रवास, समुद्रातली ये-जा असं पुष्कळ काही त्यावर अवलंबून आहे.

हाताळायला सर्वांत सोपी ती सौर गणना. ३० दिवसांचे १२ महिने आणि वर पाच सुटे दिवस. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिणाऱ्या टॉल्किनच्या हॉबिट नावाच्या बुटक्या लोकांची, त्यांच्या शायर या मुलखातली गणना याच सांगाड्यावर उभी आहे: दोन सुटे दिवस हिवाळ्यात वर्षाच्या सांध्यावर, तीन ऐन उन्हाळ्यात. त्यातला वर्षाच्या मधला दिवस कोणत्याच वारात धरत नाहीत. मग उरले ३६४ दिवस, म्हणजे बरोबर ५२ आठवडे, आणि प्रत्येक तारखेला दरवर्षी तोच वार. लीप वर्षातला जादा दिवसही वाराबाहेरच. लेखकाला याहून मोठी सोय नाही. फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये असाच सांगाडा खऱ्या देशावर बसवला, पण आठवडा मोडून दहा दिवसांचा केला. सातव्या दिवशी मिळणारी विश्रांती दहाव्या दिवसावर गेली. १८०६ च्या पहिल्या दिवसापासून ती गणना बंद झाली. तुमच्या कथेत एखादा राजा नवी कालगणना लादणार असेल, तर हे उदाहरण नीट अभ्यासा.

सौर गणनेत उणीव एकच, पण मोठी. तारीख वाचून रात्र कशी आहे ते कळत नाही. चंद्राचा तक्ता वेगळा ठेवावा लागतो. टॉल्किनलाही कथेतल्या चंद्रकला तारखांशी मुद्दाम जुळवाव्या लागल्या होत्या.

निव्वळ चांद्र गणना, हिजरीसारखी, ३५४ दिवसांत वर्ष संपवते. सण दरवर्षी सुमारे ११ दिवस अलीकडे येतो आणि साधारण ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो. कथा एका वर्षात आटोपणार असेल तर याचा उपयोग थोडा. पिढ्यानपिढ्यांची कथा असेल तर मात्र जरूर घ्या: आजीला लहानपणीचा सण आठवतो तो भर पावसातला, नातीला कडक उन्हातला.

माझा कौल चांद्र-सौर गणनेला, म्हणजे महिने चंद्रावर आणि वर्ष सूर्याशी जुळवून घेणाऱ्या गणनेला आहे, मराठीत लिहिणाऱ्यासाठी तर नक्कीच. संकष्टीचा उपास धरणाऱ्या घरात वाढलेल्या वाचकाला वद्य चतुर्थीचा चंद्र उशिरा उगवतो हे सांगावं लागत नाही. ‘वद्य चतुर्थीला किल्ल्यावरून उतरायचं’ एवढंच लिहा. चंद्रोदयाआधीचा अंधार आणि त्यातली घाई त्याला आपोआप दिसते. शुद्ध अष्टमीला चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास मावळतो, वद्य अष्टमीला त्याच सुमारास उगवतो. पौर्णिमा-अमावास्येला समुद्राला उधाण, अष्टमीच्या आसपास भांगाची, म्हणजे कमी चढणारी भरती. गलबत खाडीत कधी शिरेल, याचा हिशेब तिथीतच असतो. सौर गणनेत हे सगळं वर्णनातून भरावं लागतं.

यात अधिक महिन्याचं गणित करावं लागतं, आणि लेखक घाबरतात ते इथेच. खऱ्या पंचांगातल्या तिथींची क्षय-वृद्धी कथेत आणायची गरज नाही. महिने आळीपाळीने ३० आणि २९ दिवसांचे धरा, वर्ष ३५४ दिवसांचं होईल. १९ वर्षांपैकी ठरावीक सात वर्षांत ३० दिवसांचा एक अधिक महिना घाला. एकूण ६,९३६ दिवस भरतात. सूर्याची १९ वर्षं जवळपास ६,९४० दिवसांची असतात, म्हणून प्रत्येक १९ वर्षांत चार दिवस इकडेतिकडे वाढवा. आपल्यासारखाच सूर्य-चंद्र असलेल्या जगाला एवढं पुरेसं आहे. दोन चंद्र असतील तर महिने एकावरच बेता, दुसरा शकुन-अपशकुनासाठी ठेवा. दोन्ही चंद्रांवर महिने बसवले की वाचकाला साधी तारीखही कळेनाशी होते.

एका जगाला एकच गणना हवी, असंही नाही. मराठेशाहीच्या कागदांत शालिवाहन शकाची तिथी भेटते, १६७४ नंतर राज्याभिषेक शक भेटतो, आणि त्याबरोबरच सूर्य मृग नक्षत्रात शिरला की बदलणारं शुहूर सन आणि ‘छ’ लिहून दिलेली हिजरी महिन्याची तारीखही. तुमच्या राज्यात पुजाऱ्याची, कारकुनाची आणि दर्यावर्द्याची तारीख वेगवेगळी असू द्या. एखाद्या पत्रावर त्यातली कोणती आधी लिहिली आहे, त्यावरून ते कोणी लिहिलं हे वाचकाला ओळखता येईल.