कालवीणा: आठ महिने वापरल्यानंतर

कालवीणा घरात येऊन आठ महिने झाले. ही वीणा रियाजाची आहे, मैफलीची नाही, एवढं जरी कोणी घेण्याआधी सांगितलं असतं तर पहिल्याच महिन्यात झालेली शोभा टळली असती. म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी: रूप साध्या वीणेसारखंच. एक भोपळा, 19 पडदे, 4 मुख्य तारा आणि त्यांच्या खाली 12 तरफा, म्हणजे न छेडता वरच्या सुरांनी आपोआप घुमणाऱ्या तारा. जादू फक्त शेवटच्या तरफेत. तिला ‘कालची तार’ म्हणतात. काल या घटकेला तुम्ही जे वाजवलंत ते ती आज याच घटकेला आपणहून वाजवते, चुकांसकट. काल हात लावला नसेल तर आज ती गप्प.

कारागीर पैसे घेत नाही. तुम्हाला येणारी एक चाल मागतो, आणि दिली की ती तुमच्या डोक्यातून कायमची जाते. मी हुशारी करून लग्नाच्या वरातीतली एक डोकं उठवणारी चाल दिली. आता प्रत्येक वरातीत ती मला पहिल्यांदाच ऐकू येते आणि, कबूल करायला लाज वाटते, पण आवडते.

जादू बाजूला ठेवली तरी वाद्य म्हणून काम चोख आहे. जवारी (घोडीवर टेकलेल्या तारेची झणझण) खुली, आस (छेडल्यावर मागे रेंगाळणारा सूर) लांब, मींड घेताना, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाताना, तार पडद्यावर कुठेही खरखरत नाही. साध्या 11 तरफा मात्र लाडावलेल्या. तरफेला तिच्याच सुराने हाक मारली तर ती बोलते, कणभर उतरली तरी ढिम्म. आमच्याकडे दोन्ही चंद्र भरतीला आले की हवा दमट होते, लाकूड फुगतं, खुंट्या जाम बसतात. कोरड्या दिवसांत त्याच खुंट्या सटकतात. खडू चोळून घेतला की भागतं. पाचव्या महिन्यात तारांनी, त्या ज्यावर टेकतात त्या हाडाच्या घोडीवर चर पाडले आणि आवाज बसल्यासारखा झाला. घोडी घासून जवारी काढून घेतल्यावर पूर्ववत.

आता ती शोभा. मैफल संध्याकाळची होती. आदल्या दिवशी त्याच वेळी मी एक अवघड तान घोटत बसलो होतो, चाळीसेक वेळा तरी. मैफलीत संथ आलाप सुरू केला आणि दहाव्या श्वासाला खालून ती तान सुरू झाली. अडली, परत पहिल्यापासून. पुन्हा त्याच जागी अडली. लोकांना आधी वाटलं मीच वाजवतोय, मग माझे हात पाहून हसू लागले. कालची तार उतरवून ठेवता येते, पण मग पुन्हा चढवल्यावर नऊ दिवस ती काहीच धरत नाही.

रियाजाला मात्र हिच्यासारखी सोबत नाही. आपण वाजवत असतो तेव्हा आपला अर्धा कान बोटांकडे असतो. दुसऱ्या दिवशी हात मांडीवर ठेवून तेच ऐकलं की कळतं, गंधार (म्हणजे ‘ग’) रोज कणसूर लागतोय आणि द्रुत लयीत आपण पळतोय. माझा गंधार तीन आठवड्यांत सुधारला. गुरुजींनी तो दोन वर्षं सांगितला होता.

पण एक खोड फार उशिरा लक्षात आली. मी वीणा कालच्या तारेवरूनच लावायला लागलो. सोपं पडतं. दोन सूर अगदी जवळ आले की आवाज हेलकावतो. एक तार सेकंदाला 240 वेळा थरथरत असेल आणि दुसरी 242 वेळा, तर सेकंदात दोन हेलकावे. ते थांबले की जुळलं. रोज असंच लावत गेलो. दीड महिन्याने शेजारच्या बासरीवाल्याबरोबर बसलो तर माझा षड्ज (म्हणजे ‘सा’) जवळजवळ अर्धा सूर खाली! वाजवता वाजवता तारा रोज किंचित उतरत होत्या, दुसऱ्या दिवशी मी त्या उतरलेल्या सुरालाच खरा मानून लावत होतो, आणि माझ्या कानाला काहीच खटकत नव्हतं. आता शेजारी एक पितळी घंटा ठेवली आहे. तिच्यात जादू वगैरे काही नाही, म्हणूनच ठेवली आहे.

मध्यंतरी चार दिवस तापाने पडून होतो. पाचव्या दिवशी उठून वीणेसमोर बसलो. तार गप्प असणार हे धरून चाललो होतो. तेवढ्यात तिच्यातून एकच आघात आला, नखीचा नाही, बोटाच्या मांसाचा, बोथट, तोही भलत्याच तारेवर. बाबा वाद्याच्या वाटेला कधी जात नाहीत. विचारलं तर म्हणाले, “ती मुकी बसली की तू चिडचिड करतोस. म्हणून रोज एकदा हात लावत होतो.” त्या दिवशी मी रियाज केला नाही. त्यामुळे दुसऱ्या दिवशी तार गप्पच होती, आणि मी चिडचिड केली नाही.

किरकोळ तक्रारी: नखी सोबत देतात ती टोचते, आपली जुनीच वापरा. भोपळा पातळ आहे, प्रवासात नेऊ नका. तारा बदलायला त्याच कारागिराकडे जावं लागतं आणि तो गप्पांत अर्धा दिवस खातो.

गवसणी (वीणेची खोळ) मिळत नाही, ती आधी शिवून घ्या. मी आळस केला. काल मध्यरात्री मांजर खालच्या पडद्यापासून वरपर्यंत चालत गेलं, मग बहुधा काही विसरल्यासारखं परत आलं. आज रात्री मी मामाकडे झोपायला जातोय.