हॅम्लेटची दोन विक्षिप्त रूपं: आधी कोणतं पाहावं?

‘हॅम्लेट’ची गोष्ट माहीत आहे असं धरून चालतो. प्रश्न एवढाच की एका संध्याकाळी एकच सिनेमा पाहायचा तर ब्रिटिश नाटककार टॉम स्टॉपर्डचा ‘रोझेनक्रान्ट्झ अँड गिल्डनस्टर्न आर डेड’ (१९९०) की फिनिश दिग्दर्शक आकी काउरिस्माकीचा ‘हॅम्लेट गोज बिझनेस’ (१९८७)?

स्टॉपर्डचं पारडं तसं जड. स्वतःच्याच गाजलेल्या नाटकावर त्याने केलेला हा सिनेमा, दिग्दर्शक म्हणून एकमेव, आणि व्हेनिस चित्रपट महोत्सवात थेट गोल्डन लायन हा सर्वोच्च पुरस्कार. हॅम्लेटचे दोन दुय्यम मित्र इथे नायक आहेत. ते झालेले गॅरी ओल्डमन आणि टिम रॉथ टेनिस कोर्टवर नुसत्या प्रश्नांचा सामना खेळतात. उत्तर दिलं की गुण गेला! भाषेवर जीव असलेल्याने हा प्रसंग चुकवू नये.

माझं घोडं अडलं ते मात्र याच बोलण्यापाशी. संवाद इतके भरधाव की इंग्रजी येत असूनही सबटायटल्स लावावी लागली, आणि एकदा लावली की नजर पडद्याच्या तळाशीच. वर ओल्डमन मुकाट्याने एकेक शोध लावत असतो. कागदाचं विमान करतो, टांगलेल्या कुंड्या एकमेकींवर आपटून पाहतो. मित्राला दाखवायला जातो तर कुंडी फुटते. फुटल्याचा आवाज आला तेव्हा मी वाचतच होतो. असं दोन तास चाललं.

फिनिश तर मला ओ की ठो कळत नाही, तरी काउरिस्माकीकडे हा त्रास झाला नाही. माणसं मोजकं बोलतात, चेहऱ्यावरची रेष हलत नाही, कृष्णधवल चौकट निवांत बघता येते. इथे राज्याच्या जागी कंपनी आहे आणि काका क्लाउसला रबरी बदकांच्या धंद्यात उतरायचंय. संचालक गंभीरपणे बदकांचा विचार करतात. हसू फुटतं आणि लगेच पोटात गोळा येतो, कारण या बदकांपायी माणसं मरणार हे आपल्याला ठाऊक असतं. शेक्सपिअरकडे निदान राज्य तरी होतं. शेवटची कलाटणी सांगत नाही, पण मूळ नाटक पाठ असणाऱ्यालाही ती चकवते.

शब्दांचे खेळ हीच तुमची आवड असेल तर स्टॉपर्ड आधी पाहायला हरकत नाही. रिचर्ड ड्रायफसचा नटांचा म्होरक्याही फार सुरेख आहे. फक्त जमल्यास दोनदा पाहा. दुसऱ्या खेपेला मी सबटायटल्स बंद केली, तेव्हा कुठे ते कागदाचं विमान धड दिसलं.