सेल्युलर जेल बघायला जाताय? बेड्यांपाशी थांबा

पोर्ट ब्लेअरला गेलेला मराठी माणूस थेट सावरकरांच्या कोठडीकडे सुटतो. आम्हीही सुटलो, नमस्काराला रांग होती. पण माझा जीव अडकला तो प्रदर्शनातल्या बेड्यांत. आयटीआयमध्ये पोरांना फिटरचं काम शिकवण्यात माझी नोकरी गेली, त्यामुळे लोखंड दिसलं की घडवलंय कसं, ते आधी बघतो.

घडण अगदी साधी. दंडाबेडी म्हणजे दोन्ही घोट्यांत कडी आणि तिथून कमरेपर्यंत आलेले दोन गज. साखळी निदान लोंबते तरी, गज कसला लोंबतोय! आडवी बेडी त्याहून सोपी: दोन घोट्यांच्या मध्ये एक दांडा, संपलं. चालताना, बसताना, झोपतानासुद्धा पाय फाकलेले. आमच्याकडचा पहिल्या वर्षाचा पोरगा दुपारपर्यंत करून देईल.

मुळात पळणार कुठे? चहूकडे समुद्र. त्यात कोठडीचा अडसर नीट बघा. तो बाहेरच्या भिंतीतल्या खोबणीत लांबवर जातो आणि कुलूप तिथे. गजांतून खांद्यापर्यंत हात काढला तरी पोचत नाही. म्हणजे बेडी पळू नये म्हणून नव्हतीच. कोलूवर, म्हणजे तेलाच्या घाण्यावर, दिवसाला 30 पौंड खोबरेल निघालं नाही, कामाला नाही म्हटलं, की तिची पाळी. इथे कैदेत असलेले बंगाली क्रांतिकारक उल्लासकर दत्त यांना 1912 मध्ये हातकडीने भिंतीला जखडून उभं ठेवलं, अंगात ताप असताना. त्यांना वेड लागलं. माणूस मोडायचं हत्यार होतं ते, आणि बनवणाऱ्याला ते पक्कं ठाऊक असणार.

बेड्या घातलेले पुतळेही आहेत. मुलांना समजायला बरे, मला मात्र नुसतं लोखंड पुरलं.

आमच्या टूरवाल्याने (नाव घेत नाही) तासभर दिला, त्यातला निम्मा ग्रुप फोटोत गेला. तुम्ही अख्खी सकाळ ठेवा. मूळच्या सात इमारतींपैकी तीनच उरल्यात, पण तेवढ्याही घाईत बघण्यासारख्या नाहीत. गाइड केलात तर फाशीघर, कोलू आणि ती कुलपाची खोबण दाखवायला आधीच सांगून ठेवा. संध्याकाळचा ध्वनिप्रकाश कार्यक्रम आमच्या हिला फार आवडला, मला ठीक वाटला. सावरकरांची कोठडी सगळ्यात वरच्या मजल्यावर आहे. गुडघे कुरकुरत असतील तर तिथे आधी जा, बाकीचं उतरताना.