व्हाइटहेडचं आधी कुठलं वाचू?
अमेरिकन लेखक कोल्सन व्हाइटहेडच्या दोन कादंबऱ्यांना पुलित्झर मिळालंय, 'द अंडरग्राउंड रेलरोड'ला २०१७ मधे, 'द निकेल बॉइज'ला २०२० मधे, पण मला विचाराल तर निकेल आधी घ्या. रेलरोडमधे गुलामांना पळून जायला मदत करणारं गुप्त जाळं म्हणजे खरोखरची जमिनीखालची रेल्वे, नायिका कोरा जॉर्जियातून निघते आणि प्रत्येक राज्यात वेगळाच नरक, कल्पना भारीच आहे पण मधेमधे दम लागतो. निकेल छोटी, फ्लोरिडातल्या खऱ्या डोझियर सुधारगृहावर बेतलेली. त्यात एल्वुड नावाचा मुलगा हॉटेलात बशा पुसायची शर्यत जिंकून विश्वकोशाचा सेट घरी नेतो आणि उघडून बघतो तर पहिला खंड सोडून सगळी पानं कोरी! मी तिथेच पुस्तक मिटून बसले होते जरा वेळ. शेवट सांगत नाही, शिव्या पडतील.