सॉल्व्हच्या बटणाशी नऊ महिने

डिस्प्ले, सोलर पट्टी, बटणांचा आवाज यावर सगळ्यांनी लिहून झालंय. ब्रँडचं नाव लिहीत नाही. इंजिनिअरिंगच्या पोरांच्या दप्तरात असतो तसलाच सायंटिफिक कॅल्क्युलेटर. मी पोरगा राहिलो नाही, सोलापुरात टॉवेलवाल्यांच्या पंप-पाइपलाइनची कामं करतो. साडेतीनशेचा डुप्लिकेट दोनदा घेऊन हात पोळले, म्हणून जानेवारीत गड्ड्याच्या जत्रेच्या दिवसांत बाराशे मोजले. तेही एकाच बटणासाठी: सॉल्व्ह. समीकरण टाकलं की त्यातला अज्ञात शोधून देतं ते.

कारण घर्षणांक, म्हणजे एफ: पाइपात घासून पाण्याचा किती जोर जातो ते काढायला लागणारा आकडा. कोलब्रुकच्या १९३९ च्या सूत्रात एफ बरोबरच्या चिन्हाच्या दोन्ही बाजूंना बसलाय, दुसरीकडे तर थेट लॉगच्या पोटात. ओढून बाहेर काढता येत नाही. कॉलेजात एफ वाचून काढायला मूडीचा १९४४ चा तक्ता, म्हणजे आलेख, होता, पण आमच्याकडे झेरॉक्सची झेरॉक्स, ०.०२२ वाचायचं की ०.०२५, हे नजरेवर आणि नशिबावर. सॉल्व्ह आल्यापासून ती कटकट संपली. चार महिने मी हे यंत्र भेटेल त्याला दाखवत होतो.

मग मे आला. अक्कलकोट रोड एमआयडीसीत एका प्रोसेस हाऊसचं काम. ८० मिलिमीटरचा जीआय (जस्त चढवलेला लोखंडी) पाइप, लांबी १४० मीटर, सेकंदाला ८ लिटर पाणी. मालक शेजारी उभे. "जुनी मोटर चालती का, तेवढं सांगा." समीकरण टाकलं, सॉल्व्ह दाबलं. मॅथ एरर. परत टाकलं, परत तेच. पत्र्याखाली घामानं बटणं बुळबुळीत झालेली. मालक काही बोलले नाहीत, खिशातून मोबाइल काढून बघत बसले. ते जास्त लागलं.

तसाच दुकानात गेलो. गॅरंटी कार्डावर शिक्काच नाही म्हणे. शिक्का मारायचा कुणी, मी? आवाज चढले. त्यानं दोन अधिक दोन करून दाखवलं, चार आले. "ओ सर, गॅरंटी मशीनची असती, गणिताची नसती." त्या रात्री एक तारा द्यायचं ठरवलं होतं.

तारा दिला नाही, कारण जेवण झाल्यावर त्याच दुकानाच्या बिलामागं हिशेब मांडला. सॉल्व्ह न्यूटनच्या रीतीनं चालतं: एक अंदाज घ्यायचा, तिथं वक्राला स्पर्शिका काढायची, ती अक्षाला छेदते तो पुढचा अंदाज. पहिला अंदाज म्हणून मशीन एक्समध्ये, म्हणजे अज्ञाताच्या जागेत, पडलेली जुनी किंमत दाखवतं आणि मी न बघता पुढं जायचो. त्या दिवशी एक्समध्ये कुठल्या तरी जुन्या कामाचा १ उरला होता. १ पासून स्पर्शिका काढली तर पुढची पायरी उणे ९.८४. त्याचं वर्गमूळ मशीन कुठून आणणार! ०.०१ टाकून बघितलं, मुकाट्यानं ०.०२४१७ आलं. या समीकरणात उत्तरापेक्षा लहान आकड्यापासून निघालं की स्पर्शिका दर वेळी अलीकडेच टेकते, उत्तर ओलांडत नाही. मोठ्या आकड्यावरून निघालात तर उणेत पडायची भीती. मॅन्युअलमध्ये अंदाज बदलून बघा एवढी एक ओळ आहे, बारीक टायपात. एवढं महाग यंत्र, पण चुकलं कुठं ते सांगत नाही. माझा राग आता तेवढ्यावरच आहे, पण आहे.

त्याच रात्री दुसरं बटण सापडलं, ज्याच्याकडं चार महिने ढुंकून बघितलं नव्हतं: आन्स, म्हणजे मागचं उत्तर. एफच्या वर्गमुळाचा व्यस्तच अज्ञात धरायचा. आधी १ लिहून बरोबर दाबायचं. मग सूत्राची उजवी बाजू लिहायची, अज्ञाताच्या जागी आन्स. आता नुसतं बरोबर, बरोबर, बरोबर: ६.५६, ६.४२९, ६.४३२, परत ६.४३२. थांबला. एकाला त्याच्या वर्गानं भागलं की तोच ०.०२४१७. ज्या १ नं सॉल्व्हला आडवं पाडलं, त्याच १ पासून हे चार दाबांत घरी पोचलं. बायको म्हणाली, हसताय काय एकटेच.

घर्षणात ५.४६ मीटर हेड (पाण्याच्या उंचीत मोजलेला जोर) जात होतं. एफ डोळे झाकून ०.०२ धरला असता तर ४.५२ आलं असतं. मोटर जुनीच बसली.

बाकी, रुरकीच्या स्वामी आणि जैन यांचं १९७६ चं सूत्र एफ थेट देतं. याच पाइपला ०.०२४४, फरक एक टक्क्याच्या आत. साडेतीनशेच्या डुप्लिकेटवरही झालं असतं, हे लिहिताना जिवावर येतंय. आणि बोअरच्या पाण्यानं दोन वर्षांत पाइपात क्षार धरला की हिशेबात मी धरलेला पाइपाच्या आतल्या पृष्ठाचा ०.१५ मिलिमीटरचा खडबडीतपणा कुठला आलाय! स्क्रीनवरचे दहा आकडे नुसते बघायला.

पुतण्यानं साइनचं शून्य ते पाय (π) इंटिग्रेशन केलं, २ ऐवजी ०.०८६१ आलं, म्हणाला बिघडलाय. कॅल्क्युलेटर रेडियनऐवजी डिग्रीवर होता. मी दुकानात जाऊ दिलं नाही.

झाकणाच्या आत चिकटपट्टीनं कागद लावलाय: "एफ – ०.०१ पासून". चार तारे. पाचवा शिक्क्यासाठी कापलाय. त्यात मशीनचा दोष नाही, पण दुकानाला वेगळे तारे द्यायची इथं सोय नाही.