गोकर्ण: एकेरी की दुहेरी?

नाशिकला गंगापूर रोडवर राहणाऱ्या मावशीच्या गॅलरीत जेमतेम एक वेल मावेल, आणि तिचं मन दोन गोकर्णींत अडकलंय: एकेरी निळी की दुहेरी निळी? पांढरी आणि फिकट जांभळीही असते. जात सगळ्यांची एकच.

खर्च दोन्हींना जवळपास शून्य. कुणाच्याही कुंपणावरची वाळकी, चपटी शेंग मागून आणायची. बियांचं कवच टणक, म्हणून रात्रभर भिजवायच्या. मुळांवरच्या गाठी नत्र मिळवून देतात, त्यामुळे खताचे फार लाड नकोत. नाशिकच्या थंडीत मात्र दोन्ही रुसतात.

खरा फरक फुलात. एकेरीत एकच मोठी पाकळी गाईच्या कानासारखी पसरते, बाकीच्या इवल्याशा. वाल-वाटाण्याच्या फुलाशी ताडून पाहा, हे चक्क उलटं असतं! दुहेरीत पाचही पाकळ्या मोठ्या, फूल भरगच्च. पण ती कानाची गंमत हरवते. चहा दोन्हींचा निळाच होतो, लिंबू पिळलं की जांभळा. पांढरीत हा खेळ नाही. बिया मात्र खाऊ नयेत, जुलाब होतात.

पूजेची परडी भरलेली दिसायला हवी, तर दुहेरी. नातीला फूल उलगडून दाखवायचं, तर एकेरी. मावशीला मी एकेरीच्याच बिया दिल्यात.